मदतीचे ट्रक परतल्यावर : भारतीय जैन संघटनेची चार दशके

पुण्याहून नगर रस्त्याने निघाले की थोड्या अंतरावर वाघोली लागते. आज रस्त्याच्या दोन्ही अंगांना उंच इमारती आहेत, रहदारी आहे. तीस वर्षांपूर्वी हे शहराबाहेरचे, दगडखाणींसाठी ओळखले जाणारे गाव होते. भारतीय जैन संघटनेचा शैक्षणिक पुनर्वसन प्रकल्प याच गावात आहे. हाच रस्ता पुढे नगर ओलांडून बीड जिल्ह्यात उतरतो. आमचे संस्थापक शांतीलाल मुथ्था बीड जिल्ह्यातून पुण्याला आले ते शिकायला. पुढे इथेच व्यवसाय केला आणि इथेच संघटना उभी राहिली. मग त्या संघटनेला तिच्या कामाने पुन्हा मराठवाड्यात नेले, एकदा नव्हे, अनेकदा. चाळीस वर्षांचा हा इतिहास लिहिताना ही जाण्यायेण्याची वाट डोळ्यांसमोरून हलत नाही.

आपत्ती आली की मदत धावते. कपड्यांचे ढीग येतात, बिस्किटांचे खोके येतात, ट्रकमागून ट्रक येतात. महिनाभराने ट्रक परततात. ज्याचे घर गेले, ज्याची शाळा गेली, ज्याचे आईवडील गेले, त्याचा खरा काळ तिथून पुढे सुरू होतो. त्या काळात सोबत राहायचे, हे काम संघटनेने आपले मानले. या स्मरणिकेत एकच गोष्ट नोंदवायची झाली, तर आम्ही हीच नोंदवू.

पार्श्वभूमी : मारवाडातून मराठवाड्यात, मराठवाड्यातून पुण्यात

मारवाडातून व्यापारासाठी निघालेली जैन कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्यांपूर्वी दख्खनच्या खेड्यापाड्यांत येऊन स्थिरावली. नगर आणि बीड जिल्ह्यांतल्या बाजाराच्या गावी किराणा, कापड किंवा भुसार मालाचे एखादे तरी दुकान या समाजाचे असायचे. घरात मारवाडी बोलली जायची, दुकानात आणि गावात मराठी. पुढच्या पिढीला तर आपण बाहेरून आलो हे सांगितल्याशिवाय कळायचेही नाही. गावाच्या सुखदुःखात समाज होता आणि गावाच्या दुष्काळातही होता. पाऊस पडला नाही की शेतकऱ्याबरोबर दुकानदाराची वहीही कोरडी पडायची. १९७२चा दुष्काळ, खडी फोडण्याची कामे आणि सुकडीची रांग हे सारे त्या पिढीने जवळून पाहिले.

खेड्यात शाळा जेमतेम. म्हणून समाजातल्या जाणत्यांनी ठिकठिकाणी जैन वसतिगृहे काढली. घरची परिस्थिती कशीही असो, मुलाने तिथे राहावे, दोन वेळ जेवावे आणि शिकावे. आमच्या संस्थापकांचे बालपण अशाच वसतिगृहात गेले. तिथून ते पुण्याला महाविद्यालयात आले आणि शिक्षण संपल्यावर व्यवसायात उतरले. गावाकडून आलेल्या, ओळखीपाळखी नसलेल्या मुलाने शहरात जम बसवायचा म्हणजे दिवसरात्र एक करावे लागतात. त्यांनी ते केले आणि बांधकाम व्यवसायात नाव कमावले. वयाच्या एकतिसाव्या वर्षी, धंदा भरात असताना, त्यांनी व्यवसायातून निवृत्त होऊन पूर्ण वेळ समाजकार्याला वाहून घ्यायचे ठरवले. घरच्यांना, मित्रांना आणि बाजाराला हा निर्णय पचायला वेळ लागला.

दोन गोष्टी मात्र त्यांनी व्यवसायातून आणि वसतिगृहातून बरोबर आणल्या. एक, बांधकामाचे वेळापत्रक : कोणते काम कोणत्या दिवशी पुरे होणार आणि कोणाच्या अंगावर आहे, हे आधी ठरलेले असणे. दुसरी, वसतिगृहाची आठवण : घरापासून दूर असलेल्या मुलाला कोणीतरी सावरले की तो उभा राहतो, हे स्वतः अनुभवलेले असणे. संघटनेच्या पुढच्या सगळ्या कामांत या दोन गोष्टी सापडतात.

पहिले दशक (१९८५–१९९५) : एका मांडवापासून किल्लारीपर्यंत

१९८५ साली पुण्यात भारतीय जैन संघटनेची स्थापना झाली. पहिला विषय होता लग्न. हुंडा, मानपान आणि बडेजाव यांपायी मध्यमवर्गीय कुटुंबे कर्जात बुडत होती. मुलीच्या बापाने आयुष्यभराची पुंजी एका दिवसात उधळावी आणि त्याला प्रतिष्ठा म्हणावे, ही रीत बदलायची होती. त्यासाठी सामूहिक विवाह सुरू झाले. हुंडा नाही, मानपान नाही, उधळपट्टी नाही आणि श्रीमंत-गरीब सारे एकाच मांडवात. परिचय मेळावेही भरू लागले. मुलामुलींनी आणि कुटुंबांनी एकमेकांना मोकळेपणाने भेटावे, मध्यस्थांच्या कुजबुजीवर विसंबून राहू नये, हा त्यामागचा विचार होता.

सुरुवात सोपी नव्हती. ‘सामूहिक विवाह म्हणजे गरिबांचे लग्न’ असा शिक्का बसायचा. कार्यकर्ते घरोघर जात, ज्येष्ठांना विनवत, तरुणांना पटवत. पण या कामाने संघटनेला एक शिक्षण दिले. त्या वेळी त्याची किंमत कोणाला कळली नव्हती. एका मांडवात अनेक लग्ने लावायची म्हणजे तितकी वऱ्हाडे, त्यांची उतरण्याची सोय, हजारोंच्या पंगती, पाणी, वाहने, हरवलेली पोरे आणि रुसलेले मामा. सगळे ठरल्या मुहूर्तावर पार पडले पाहिजे. भांडारघराच्या किल्ल्या एकाकडे, पाण्याचे टँकर दुसऱ्याकडे, हिशेब तिसऱ्याकडे. गावोगावच्या शाखांतून अशी माणसे तयार झाली. मोठ्या गर्दीची नीट व्यवस्था लावणे हे त्यांच्या हाताचे काम झाले. पुढच्या संकटात हेच हात उपयोगी पडले.

३० सप्टेंबर १९९३. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी होती. गणपती बोळवून मराठवाडा उशिरा झोपला होता. पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद, म्हणजे आताच्या धाराशिव जिल्ह्याची जमीन हादरली. किल्लारी, सास्तूर आणि तेरणेच्या काठची कितीतरी गावे क्षणात जमीनदोस्त झाली. या भागातली घरे दगड-मातीच्या जाड भिंतींची, वर मातीचे जड माळवद. उन्हाळ्यात गारवा देणारे तेच माळवद झोपलेल्या माणसांवर कोसळले. हजारो माणसे गेली. पुढे बावन्न गावांचे पूर्ण पुनर्वसन करावे लागले, यावरून विध्वंस किती होता ते कळावे.

संघटनेचे कार्यकर्ते मदत घेऊन पोचले. इतर संस्थांप्रमाणे त्यांनीही धान्य, कपडे आणि औषधे वाटली. पण ढिगाऱ्यांच्या कडेला, तात्पुरत्या निवाऱ्यांत बसलेली मुले त्यांना दिसत राहिली. कोणाचे आईवडील दोन्ही गेलेले, कोणाची आई, कोणाचा बाप. शाळाही नव्हती. काही दिवसांनी मदतीचा ओघ आटला, तरी ही मुले तिथेच बसलेली असतील, हे दिसत होते. तेव्हा संघटनेने अंगावर मोठी जबाबदारी घेतली. भूकंपग्रस्त भागातील १,२०० मुलांना शिक्षणासाठी पुण्याला आणायचे आणि त्यांचे शिक्षण पुरे होईपर्यंत सांभाळायचे.

घरात उरलेल्या आजीला, चुलत्याला, मामाला हे पटवणे सर्वांत कठीण होते. ‘एवढं एकच लेकरू राहिलंय, तेबी पुण्याला धाडू का?’ या प्रश्नाला भाषणाने उत्तर देता येत नाही. कार्यकर्ते पुन्हा पुन्हा गेले, शेजारी बसले, ऐकत राहिले. विश्वास बसला तेव्हा मुले निघाली. ज्या मराठवाड्यातून एक मुलगा शिकायला पुण्यात आला होता, तिथूनच आता बाराशे मुले शिकायला पुण्यात येत होती.

दुसरे दशक (१९९५–२००५) : वाघोली, कच्छ आणि अंदमान

मुले आली, पण बाराशे मुलांचे घर चालवणे ही वर्गणी गोळा करून संपणारी गोष्ट नव्हती. वाघोलीत शाळा, वसतिगृह आणि भोजनालय असा कायमचा प्रकल्प उभा राहिला. इमारतीपेक्षा अवघड होते ते मुलांचे मन.

भूकंपातून वाचलेल्या मुलाला छताखाली झोप लागत नाही. रात्री पत्रा वाजला, रस्त्यावरून अवजड ट्रक गेला आणि खिडकी थरथरली, की एक मूल उठून दाराकडे धावते. त्याच्यामागे दुसरे, तिसरे, आणि बघता बघता सगळी खोली अंगणात. अशा वेळी दिवे लावायचे, मुलांना पुरेसा वेळ बाहेर बसू द्यायचे आणि मग एकेकाचा हात धरून आत न्यायचे. रागवायचे नाही, ‘काही झालं नाही’ असेही म्हणायचे नाही, कारण त्यांच्या आयुष्यात झालेले असते. अशा मुलाला सावरायला दिवसाचा ठरलेला क्रम फार उपयोगी पडतो. ठरल्या वेळी घंटा, ठरल्या वेळी जेवण, ठरल्या वेळी खेळ. ज्याचे सगळे जग एका क्षणात कोसळले, त्याला उद्या सकाळी सात वाजता नाश्ता मिळणारच आहे, ही खात्री हळूहळू माणसांत आणते.

वसतिगृहाच्या गृहमाता, शिक्षक, स्वयंपाकघरातल्या बाया, शिपाई आणि डॉक्टर यांनी या काळात जे केले, त्याची नोंद कोणत्याही अहवालात पुरती सापडणार नाही. मुलांच्या बोलीतले ‘लई’, ‘कवा’, ‘कुनीकडं’ याला त्यांनी कधी हसू दिले नाही. आजारी मुलाच्या उशाशी बसून रात्री काढल्या. दिवाळीला घरी जायला घर नसलेल्या मुलांबरोबर दिवाळी केली. याच मुलांतून पुढे शिक्षक, अभियंते आणि शासकीय कर्मचारी झाले, काहींनी स्वतःचे व्यवसाय काढले.

किल्लारीची मुले मोठी होत असताना वाघोलीचे दार इतरांसाठीही उघडले. मेळघाटात आणि ठाणे जिल्ह्याच्या आदिवासी पट्ट्यात कुपोषणाने बालके दगावत होती. तिथली मुले वाघोलीत शिकायला आली. त्यांची बोली, अन्न आणि सवयी निराळ्या होत्या. संघटनेला पुन्हा नव्याने शिकावे लागले. एका भूकंपासाठी उभारलेला प्रकल्प अशा रीतीने संकटात सापडलेल्या कोणत्याही मुलाचे घर झाला.

२६ जानेवारी २००१ रोजी सकाळी ८ वाजून ४६ मिनिटांनी कच्छ हादरला. भुज, भचाऊ, अंजार आणि रापर उद्ध्वस्त झाले. प्रजासत्ताक दिनाची सकाळ होती. अंजारमध्ये हातात झेंडे घेऊन प्रभातफेरीला निघालेली शाळकरी मुले अरुंद गल्लीत कोसळलेल्या घरांखाली सापडली. ज्या संघटनेने किल्लारीची मुले वाढवली होती, तिला ही बातमी विसरता येण्यासारखी नव्हती.

कच्छमध्ये मात्र मुलांना पुण्याला आणायचे नाही, त्यांची शाळाच त्यांच्या गावी परत उभी करायची, असे ठरले. हजारो वर्ग कोसळले होते आणि उन्हाळा तोंडावर होता. उघड्यावर वर्ग भरले तर मुले गळणार आणि एकदा गळलेले मूल शाळेत परत आणणे किती कठीण असते, हे संघटना जाणून होती. तेव्हा पक्क्या इमारतीची वाट न पाहता लवकर उभ्या राहतील, पण काही वर्षे टिकतील, अशा शाळांचा आराखडा केला गेला. एकच नमुना, ठरलेली मापे, सामान एका जागी उतरवायचे आणि तिथून गावोगाव पाठवायचे. सुमारे तीन महिन्यांत ३६८ शाळा उभ्या राहिल्या आणि जवळपास १ लाख २० हजार मुलांची बसायची सोय झाली. बांधकाम व्यवसायातली शिस्त आणि विवाहसोहळ्यांतली व्यवस्था या दोन्ही गोष्टी तिथे एकाच कामाला लागल्या होत्या. महाराष्ट्रातल्या शाखांतून गेलेले कार्यकर्ते तिथे आठवडेच्या आठवडे तंबूत राहिले, कोणी दुकान भावाच्या हवाली करून, कोणी नोकरीतून रजा काढून.

२६ डिसेंबर २००४च्या त्सुनामीने अंदमान-निकोबारची बेटे झोडपली. इथली अडचण आगळीच. विटेपासून खिळ्यापर्यंत सगळे मुख्य भूमीवरून जहाजाने यायचे. बोट चुकली की दिवसांचे नव्हे, आठवड्यांचे नुकसान. अशा स्थितीत संघटनेने तिथे ११ शाळा आणि ३४ आरोग्य केंद्रे व उपकेंद्रे उभारली. संघटनेच्या कामात शाळेबरोबर दवाखाना जोडला गेला तो इथे.

तिसरे दशक (२००५–२०१५) : शाळेच्या आत आणि तळ्याच्या तळाशी

दोन दशकांच्या कामानंतर संघटनेत एक विचार वारंवार होऊ लागला. शाळा उभी केली, पण शाळेत मूल काय शिकते? संकटात एकमेकांचा हात धरणारी माणसे घडवायची तर ते लहानपणीच व्हायला हवे. चर्चा पुष्कळ झाली, मतेही वेगवेगळी होती. त्या विचारमंथनातून मूल्यवर्धन हा उपक्रम आकाराला आला. २००९ साली बीड जिल्ह्यातल्या सुमारे पाचशे जिल्हा परिषद शाळांत त्याची सुरुवात झाली. संस्थापकांचा स्वतःचा जिल्हा या कामासाठी निवडला गेला, याचे आम्हा सर्वांना विशेष समाधान आहे.

मूल्यवर्धनाचा पाया संविधानातली मूल्ये आहेत : न्याय, स्वातंत्र्य, समता आणि बंधुता. पण ही मूल्ये पाठ करून घ्यायची नाहीत. जोडीत चर्चा, गटात चर्चा, खेळ आणि गोष्ट यांतून ती मुलाच्या अंगवळणी पडावीत, अशी रचना आहे. दुसरीतला वर्ग असावा. बाई विचारतात, ‘मधल्या सुट्टीत खेळताना कोणी एकटं बसलेलं दिसलं तर आपण काय करायचं?’ मुले जोडीने बोलतात. एक मुलगी उठून म्हणते, ‘आधी इचारायचं, का गं बसलीस?’ आधी विचारायचे, मग मदत करायची. मदतीच्या कामात आयुष्य घालवलेल्या माणसांनाही हे शिकायला वेळ लागतो. हा उपक्रम पुढे शासनाच्या सहकार्याने महाराष्ट्राच्या इतर जिल्ह्यांत गेला आणि गोव्यातल्या शाळांतही पोचला.

किशोरवयीन मुलींसाठी ‘स्मार्ट गर्ल’ कार्यशाळा याच काळात आकाराला आल्या. स्वतःची ओळख, आरोग्य, संवाद, निर्णय घेणे आणि नकार देणे यांवर त्यांत मोकळेपणाने बोलले जाते. मुलींबरोबर आईवडिलांनाही बसवले जाते, कारण बदलायचे असते ते घरही. ज्या संघटनेची सुरुवात मुलीच्या लग्नखर्चापासून झाली, ती आता मुलीच्या निर्णयशक्तीपर्यंत आली होती.

आपत्तीचे काम थांबलेले नव्हते. २००८च्या ऑगस्टमध्ये कोसी नदीने नेपाळमधल्या कुसहा येथे बांध फोडला आणि उत्तर बिहारचे सुपौल, मधेपुरा आणि अररिया हे जिल्हे पाण्याखाली गेले. तिथे संघटनेच्या पथकांनी पूरग्रस्तांना वैद्यकीय सेवा दिली. २०१४ साली जैन समाजाला राष्ट्रीय स्तरावर अल्पसंख्याक दर्जा मिळाला. त्यानंतर शिष्यवृत्तीची आणि योजनांची माहिती खेड्यातल्या विद्यार्थ्यांपर्यंत नेण्याचे काम शाखांनी नेटाने केले.

याच दशकात आला २०१३चा दुष्काळ. मराठवाड्यात तळी आटली, जनावरे छावण्यांत गेली. संघटना बीड जिल्ह्यात उतरली ती तळ्यांतला गाळ काढायला. हे काम का निवडले, ते सांगायला हवे. दुष्काळात चारा आणि टँकर लागतातच, पण पाऊस पडला की दोन्ही परततात. तळे मात्र तसेच राहते, गाळाने भरलेले आणि पुढच्या पावसाचे पाणी धरायला असमर्थ. कोरडे तळे ही गाळ काढायची एकमेव संधी असते आणि ती दुष्काळातच मिळते. त्या उन्हाळ्यात बीड जिल्ह्यातल्या ११७ तलावांतून गाळ निघाला.

शेतकऱ्यांनी तो आपल्या ट्रॅक्टरने, आपल्या खर्चाने शेतात नेला. मुरमाड माळावर गाळाचा थर पडला आणि पिकाला धरून ठेवणारी माती आली. हा गाळ म्हणजे मुळात त्याच शिवारातली, पावसाने वाहून नेलेली कसदार माती. वर्षानुवर्षे तळ्याच्या तळाशी जाऊन बसलेली ती माती पुन्हा शेतात येत होती.

चौथे दशक (२०१५–२०२५) : यंत्रे, गावे आणि महामारी

या दशकाच्या सुरुवातीलाच संघटनेने पुन्हा वाघोलीचे दार उघडले. आत्महत्या केलेल्या शेतकऱ्यांच्या कुटुंबांतली मुले शिक्षणासाठी आली. त्यांचा बाप घराच्या छताखाली गेला नव्हता, तो कर्जाखाली गेला होता. दुःख निराळे, पण मुलाच्या डोळ्यांतला प्रश्न तोच होता. वाघोलीच्या शिक्षकांना आणि गृहमातांना तो प्रश्न ओळखीचा होता.

पाण्याचे काम या दशकात राज्यभर पसरले. पानी फाउंडेशनच्या वॉटर कप स्पर्धेत गावकरी श्रमदान करत होते. हातांनी होईल तितके ते करत, पण खोल चर आणि मोठी तळी यांना यंत्र लागते. अशा गावांना संघटनेने जेसीबी आणि पोकलेन पुरवले. ‘आधी गावाने फावडे उचलायचे, मग यंत्र येईल’ हे सूत्र फार मोलाचे ठरले. आयते मिळालेले तळे कोणाचेच नसते. घाम गाळून केलेले तळे गावाचे होते.

२०१८ साली बुलढाणा जिल्ह्यात ‘सुजलाम् सुफलाम्’ हा प्रकल्प हाती घेतला. संपूर्ण जिल्हा दुष्काळमुक्त करण्याच्या दिशेने नियोजन झाले. यंत्रे संघटनेची, डिझेल शासनाचे आणि गाळ नेण्याचे काम शेतकऱ्याचे. तिघांपैकी एकानेही हात आखडता घेतला की काम बंद पडणार, म्हणून तिघांनाही ते आपले वाटले. यंत्राच्या प्रत्येक तासाचा हिशेब ठेवला जाई. सकाळी चालक यंत्राचे मीटर वाचून नोंदवी, संध्याकाळी पुन्हा वाची. डिझेल किती, गाळ किती आणि तो कोणाच्या शेतात गेला, हे गावासमोर उघड असे. व्यापाऱ्याच्या घरातली वही इथे समाजाच्या कामाला आली. या सहभागी पद्धतीचा अनुभव राज्याच्या ‘गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार’ योजनेच्या कामातही उपयोगी पडला.

मार्च २०२० मध्ये टाळेबंदी लागली. ही आपत्ती निराळीच होती. ढिगारा नाही, पाणी नाही, माणसाने माणसाजवळ जायचे नाही. नेहमीचे दवाखाने बंद झाल्यामुळे साधा ताप, मधुमेह आणि रक्तदाब असलेल्या माणसांचे हाल होऊ लागले. ‘डॉक्टर आपल्या दारी’ या उपक्रमात फिरते दवाखाने पुण्याच्या वस्त्यांत गेले आणि मग इतर शहरांतही. मुंबईत महापालिकेसोबत ‘मिशन झिरो’ या मोहिमेत संघटना उतरली. रुग्ण लवकर शोधणे हा त्या मोहिमेचा गाभा होता. कार्यकर्त्यांच्या घरातही आजारपण होते, काहींनी जवळची माणसे गमावली. तरी सकाळी गाडी निघायची थांबली नाही. त्या गाडीचे चालक, परिचारिका आणि डॉक्टर यांच्यापुढे आज ही स्मरणिका नतमस्तक आहे.

आजचे कार्य

आज संघटनेच्या शाखा देशभर आहेत. वाघोलीत शाळा, वसतिगृह आणि महाविद्यालय चालते. तलावांतला गाळ काढणे, मूल्यवर्धन, किशोरवयीन मुलींच्या कार्यशाळा, समाजातील कुटुंबांसाठी मार्गदर्शन आणि आपत्तीत धावून जाणे ही मुख्य कामे सुरू आहेत.

या सगळ्यातून माणसे घडली, ही आमच्या लेखी सर्वांत मोठी मिळकत आहे. छोट्या गावातला किराणा दुकानदार, जो कधी व्यासपीठावर बोलला नव्हता, तो आज जिल्हाधिकाऱ्यांसमोर तलावांची यादी घेऊन बसतो. ज्या गृहिणीने पहिल्यांदा घराबाहेर पाऊल टाकले ते मुलींच्या कार्यशाळेसाठी, ती आज पाच तालुक्यांच्या कार्यशाळा लावते. संघटनेने त्यांच्या हाती पदापेक्षा जबाबदारी दिली, आणि जबाबदारीने त्यांना नेतृत्व शिकवले. चाळीस वर्षांत मतभेद झाले, वेगळे सूर उमटले. पण संकटाची बातमी आली की सारे एका मांडवात जमले, ही परंपरा टिकून आहे.

ऋण आणि पुढची वाट

संस्थापकांच्या दूरदृष्टीविना हे काम सुरू झाले नसते आणि हजारो अनाम हातांविना ते चाललेही नसते. कच्छमध्ये पत्रे उचलणारे, अंदमानच्या धक्क्यावर मालाची वाट पाहत बसणारे, वाघोलीच्या भोजनालयात पहाटे चूल पेटवणाऱ्या, बीडच्या उन्हात यंत्र चालवणारे, आपल्या घरची एक जबाबदारी सोडून दुसऱ्याच्या घरची जबाबदारी उचलणारे कितीतरी. देणगीदार, शासकीय अधिकारी, सहयोगी संस्था आणि गावकरी यांचेही ऋण तेवढेच आहे. नावे लिहायला बसलो तर पाने पुरणार नाहीत आणि एखादे नाव राहिले तर मन खाईल. म्हणून हा इतिहास आम्ही सर्वांच्या नावाने लिहीत आहोत.

व्यापारासाठी दख्खनला आलेल्या एका समाजाला या मातीने आपले म्हटले. त्या समाजातला एक मुलगा शिकायला पुण्याला गेला आणि तिथेच रमून न जाता मागे वळून पाहता झाला. किल्लारीची मुले पुण्याला आली, शिकली आणि त्यांतली कितीतरी आपापल्या गावी परत गेली. वाहून गेलेली माती तळ्यातून उचलून पुन्हा शिवारात पोचली. परत जाण्याची ही सवय हेच संघटनेचे खरे धन आहे. पुढच्या दशकात कोणती आपत्ती येईल, ते कोणालाच सांगता येणार नाही. पण ती आली, मदत पोचली आणि एक दिवस शेवटचा ट्रकही परत निघाला, तर त्या गावात उरलेल्या मुलाजवळ कोणीतरी बसलेले असेल आणि ‘आधी इचारायचं’ हे लक्षात ठेवून त्याला पहिला प्रश्न विचारेल, यासाठी आमची चाळीस वर्षांची तयारी आहे.